मामांनी उघडलेला फोन

या जगात बंद असलेली कुठलीही वस्तू सुखाने बंद राहू शकत नाही, निदान माझ्या बायकोचे मामा उज्जैनच्या माधव नगरात राहत आहेत तोवर तरी नाही. कपाट, पेटी, बरणी, थर्मास, स्कूटरची डिकी, शेजाऱ्यांच्या गच्चीचं दार, काहीही बंद दिसलं की मामांच्या बोटांना मुंग्या येतात. समोरचा माणूस तळमळीने काही सांगत असतो, मामा 'हो का, हो का' म्हणत असतात, आणि त्यांची नजर त्या माणसाच्या मांडीवरच्या बॅगेच्या कडीवर खिळलेली असते. लग्न ठरल्यावर मी पहिल्यांदा त्यांच्या पाया पडायला गेलो, तेव्हा त्यांनी आशीर्वाद दिला, चहा दिला, आणि माझ्या मनगटावरचं घड्याळ मागून घेऊन त्याचं पाठीमागचं झाकण उघडून दिलं. का उघडलं, हे मी विचारलं नाही. नवा जावई होतो. ते घड्याळ पुढे कधी चाललं नाही, पण आतून ते कसं दिसतं हे पाहिलेला आमच्या घराण्यातला मी पहिलाच माणूस.

मामा वीज मंडळातून इंजिनिअर म्हणून निवृत्त झालेले. घराणं दरबाराबरोबर माळव्यात आलेलं, आणि मूळ पुरुषाकडे म्हणे खजिन्याच्या किल्ल्या असायच्या. एवढ्या किल्ल्या सांभाळणाऱ्या घराण्यात जन्मलेल्या मामांना स्वतःच्या घराची किल्ली कधी सापडत नाही, आणि सापडावी अशी त्यांची फारशी इच्छाही नसते, कारण सापडली तर दार सरळ उघडावं लागेल. मी सांगलीहून बँकेच्या बदलीवर इकडे आलेला माणूस. सुरुवातीला मामांचं 'मी येऊन राहिलो' आणि 'मला माहीत पडलं' ऐकताना गडबडायचो. पण त्यांचं कुलपांविषयीचं तत्त्वज्ञान मात्र पहिल्याच दिवशी समजलं. "अहो जावईबापू," ते म्हणाले होते, "कुलूप म्हणजे काय? एक सवाल. सवाल आहे तर जवाब पण असणारच. आपण फक्त शांतीने विचार करायचा."

त्यांचा शांतीने केलेला विचार मी एका लग्नात पाहिला. मुहूर्त तोंडावर आला होता, आणि नवरदेवाच्या कपड्यांच्या बॅगेची किल्ली कुणालाच सापडेना. मामांनी करवलीच्या डोक्यातली एक पिन मागून घेतली, डोळे मिटले, आणि खट्. मांडवात टाळ्या पडल्या. आत गुरुजींचं धोतर, पंचा आणि दाढीचं सामान निघालं. नवरदेवाची बॅग तिच्या खाली होती. मामांनी तीही उघडली, आणि उत्साहाच्या भरात शेजारची तिसरीही उघडली, जिला तसं काहीच झालं नव्हतं. उरलेलं सगळं लग्न गुरुजींनी आपल्या बॅगेवर बसून लावलं.

मामींना या सगळ्याचं कौतुक नाही असं नाही, पण त्या ते जपून वापरतात. "यांना उघडता सगळं येतं," त्या म्हणतात, "बंद करता काहीच येत नाही. ना दार, ना नळ, ना तोंड." मामा यावर मनापासून हसतात आणि उठून नळ बंद करून येतात.

हातोहाती स्मार्टफोन आले आणि मामांच्या निवृत्तीला खरा बहर आला. माधव नगरातल्या साठी उलटलेल्या बहुतेक मंडळींना मुलांनी परगावाहून फोन पाठवले होते, आणि त्या फोनांनी त्यांना ओळखायचं नाकारलं होतं. मामांची पहिली केस म्हणजे शेजारच्या काकू. स्क्रीन उघडायची नक्षी विसरल्या होत्या. मामांनी फोन उजेडाला तिरका धरला. काकू नुकत्याच थालीपीठ थापून उठल्या होत्या, त्यामुळे काचेवर बोटाची तेलकट वाट स्पष्ट उमटली होती. मामांनी तिच्यावरून बोट फिरवलं आणि फोन उघडला. दुपारपर्यंत ही वार्ता गल्लीभर झाली. मग लोक येऊ लागले. "मामा, हा म्हणतोय मी मी नाहीच." मामा चष्मा वर करून फोनकडे बघत आणि म्हणत, "याला काय माहीत पडतंय तुम्ही कोण ते. बसा." कधी फोन उघडे, कधी मामांच्या प्रयत्नांनी तो इतका गप्प होई की माणूस नवाच घेऊन येई. पण राग कुणालाच येत नसे. मामांच्या हातून एखादी वस्तू बिघडली तरी आपल्यासाठी कुणी इतका वेळ दिला याचंच समाधान वाटायचं.

असं सगळं सुरळीत चाललं असताना एके दिवशी मामा कुणा पाहुण्यांना घेऊन राम घाटावर गेले. पूजा झाली, पाहुणे महाकालकडे वळले, आणि मामा ई-रिक्शात बसून घरी निघाले. सीटच्या फटीत त्यांना एक फोन सापडला. रिक्शावाल्याला विचारलं, तो म्हणाला, "पता नहीं बाऊजी, सुबह से पचास सवारी बैठी है." मामांनी फोन खिशात घातला. ज्याचा असेल त्याला आजच्या आज पोचवायचा, हा त्यांचा निश्चय. त्यात तसूभरही खोट नव्हती. आणि मालकाला देताना बॅटरी भरलेली असावी, एवढ्या आपुलकीने त्यांनी पहिलं काम काय केलं, तर फोन बंद केला.

माणूस हरवलेल्या फोनवर फोन लावतो. तेवढाच एक सरळ रस्ता असतो, तो मामांनी राम घाटाच्या चढावरच बुजवला. तिकडे मालक वेड्यासारखा नंबर फिरवतोय, 'स्विच ऑफ' ऐकतोय, आणि चोराला शिव्या देतोय. इकडे चोर जेवून, हात धुऊन, मालकाचा पत्ता शोधायला बसलाय.

मामी भजनी मंडळाला गेल्या होत्या. मामांनी फोन चालू केला, नेमका तेवढा वेळ मालकाने नंबर फिरवला नाही, आणि फोनने नक्षी मागितली. काचेवर तेल नव्हतं. मामांनी अंदाजाने नक्षी काढून पाहिल्या, तेव्हा फोनने त्यांना थांबायला सांगितलं, मग आणखी थांबायला सांगितलं. थांबणं हा मामांचा प्रांत नव्हे. त्यांनी कॉम्प्युटरवर एक व्हिडिओ शोधला. त्यातला माणूस तोंड न दाखवता भराभर बोलत होता. सिम काढा, ही बटणं दाबा, ते निवडा. मामांनी सिम काढून देवघरातल्या चांदीच्या वाटीत सुरक्षित ठेवलं आणि सांगितलं तसं केलं. मामांची समजूत अशी की, कुलूप निघेल आणि आतलं सामान जागच्या जागी राहील. फोनने आतलं सामान सगळं पुसून टाकलं, आणि कुलूप मात्र ठेवलं. कोरा करकरीत होऊन तो आता विचारू लागला, की याआधी ज्याच्या खात्यावर मी चालत होतो त्याचं नाव आणि पासवर्ड सांगा.

हे मला पुढे मामींनीच नीट समजावलं, कारण त्यांना एव्हाना सगळं पाठ झालं होतं. चोराने फोन धुऊनपुसून काढला तरी तो त्याच्या कामाचा राहू नये म्हणून ही सोय असते. पुसल्यावरही फोन मालकाला विसरत नाही. "कुत्रा असा असता," मामी म्हणाल्या, "तर यांनी त्याला पोळी घातली असती. फोन आहे म्हणून त्याच्याशी भांडले."

मामा भांडलेच. व्हिडिओखाली दुसरा व्हिडिओ होता, त्यात एक फुकट टूल होतं, कसलंही कुलूप काढणारं. ते उतरवून घेताना कॉम्प्युटरच्या अँटिव्हायरसने आरडाओरडा केला. व्हिडिओतला माणूस म्हणाला होता की तो ओरडेल, लक्ष देऊ नका, बंद करून टाका. पुढे मी मामांना विचारलं, "अहो, चोराने सांगितलं की रखवालदाराला झोपवा, म्हणून तुम्ही झोपवलात?" ते खाली मान घालून म्हणाले, "अहो, किती आदराने बोलून राहिला होता तो. सरजी, सरजी."

टूल चाललं. फोन उघडला. मामा अगदी आनंदाने आत शिरले. ना नाव, ना नंबर, ना एक फोटो. इतक्या खटपटीने उघडलेलं घर रिकामं होतं, आणि ते रिकामं आपणच केलं, हे त्यांच्या तेव्हाही नीट ध्यानात आलं नाही. ते आलं दुसऱ्या दिवशी सकाळी, कॉम्प्युटर सुरू केल्यावर.

मला फोन आला. "जावईबापू, जरा येऊन जाता का?" आवाज असा होता की मी तसाच निघालो. कॉम्प्युटरच्या पडद्यावर लाल पाटी होती. तुमच्या सगळ्या फायली आम्ही कुलूपबंद केल्या आहेत, पैसे भराल तर उघडू, अशा अर्थाचं इंग्रजी. त्या कॉम्प्युटरमध्ये उज्जैनच्या मराठी समाजाच्या गणेशोत्सवातली जुनी नाटकं होती. मामांनी जुन्या व्हिडिओ कॅसेटींवरून ती एकेक करून उतरवली होती. त्यातल्या बहुतेक नाटकांत तरुणपणच्या मामी होत्या, नऊवारीत, खणखणीत आवाजाच्या. मामा खुर्चीत बसून त्या पाटीकडे बघत होते. हात मांडीवर होते. मी त्यांना इतकं स्वस्थ बसलेलं कधी पाहिलं नव्हतं.

"बरं झालं," मामी म्हणाल्या, "एकात माझं पाठांतर चुकलं होतं." पण स्वयंपाकघरात गेल्यावर भांड्यांचा आवाज बराच वेळ आला नाही.

थोड्या वेळाने बाहेर येऊन त्यांनी विचारलं, "त्या फोनचं सिम वाटीत आहे, ते माझ्या फोनमध्ये घातलं तर?" मी आणि मामांनी एकमेकांकडे पाहिलं. मामींनी आपला फोन पुढे केला, मी सिम घातलं, आणि चहा उकळायच्या आत फोन वाजला.

"कौन बोल रहा है?" बाईचा आवाज होता, घाबरलेला आणि चिडलेला. मामींनी सगळं नीट सांगितलं. बाईंचं नाव सलमा बी. त्या जवळच्या भैरवगढला कापडावर छपाई करतात. घाटाजवळच्या एका दुकानात माल द्यायला आल्या होत्या, तेव्हा फोन पडला. मामांनी मान वर केली. "मी जातो द्यायला," ते म्हणाले, आणि मग, "तुम्ही पण चला हो."

भैरवगढच्या त्या घरात शिरलो तेव्हा सलमा बी लांब मेजावर चादर पसरून लाकडी छापा मारत होत्या. छापा ठेवायच्या, मुठीने एक ठोका, उचलायच्या. बाहेर दोरीवर लाल-काळ्या चादरी वाळत होत्या. त्यांनी ओढणीला हात पुसले, फोन घेतला, आणि फोटोंचा कप्पा उघडला. मग पुन्हा उघडला. मग आमच्याकडे बघितलं.

"इसमें तो कुछ नहीं है."

मामांनी सांगायला सुरुवात केली. नक्षी, सिम, व्हिडिओ, टूल. काहीही लपवलं नाही. सलमा बींचे यजमान खाटेवर बसून ऐकत होते. मामांचं संपल्यावर ते म्हणाले, "भाईसाब, इतनी मेहनत तो चोर भी नहीं करता."

कुणी हसलं नाही. सलमा बींनी मग हळूहळू सांगितलं. त्यांच्या वडिलांच्या वेळचे सागाचे छापे होते, भिंतभर. क्षिप्रेचं पाणी घरात शिरलं त्या वर्षी ते फुगून तडकले. फेकायच्या आधी त्यांनी प्रत्येकाचा एक ठसा कापडाच्या तुकड्यावर उमटवून फोटो काढला होता. ते तुकडे पुढे उंदरांनी खाल्ले. फोटो होते. हातात चार पैसे आले की एक फोटो कारागिराला दाखवायचा आणि एक छापा नवा कोरून घ्यायचा, असं चाललं होतं. थोडे झाले होते. पुष्कळ राहिले होते. बॅकअप कशाला म्हणतात, हे त्यांना आणि मामांना दोघांनाही त्याच दिवशी कळलं.

"आपकी नीयत साफ थी," सलमा बी म्हणाल्या. "क्या बोलूँ अब आपको." त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. मामांनी हात जोडले आणि ते जोडलेलेच राहिले. शेवटी सलमा बींच्या यजमानांनी उठून ते खाली केले.

सलमा बींनी चौकीत तक्रार दिली होती, ती मागे घ्यायला मामा त्यांच्याबरोबर गेले. तिथल्या हवालदाराने सगळी हकिगत ऐकली आणि विचारलं, "अंकल, करते क्या हो?" मामा म्हणाले, "रिटायर हूँ." "वही तो," हवालदार म्हणाला. मग त्याने समजावलं की सापडलेला फोन चालू ठेवायचा, नाहीतर इथे आणून द्यायचा, आणि असली टूलं पुन्हा हातात धरायची नाहीत, कारण पुसलेला फोन घरात सापडला तर नीयत कुणी विचारत बसत नाही. मामा प्रत्येक वाक्याला "जी" म्हणत होते. वीज मंडळात वरिष्ठांनाही त्यांनी इतके "जी" दिले नसतील.

दोन-तीन दिवस मामांनी दारात आलेले बंद फोन तसेच परत पाठवले. मग एका सकाळी ते आमच्या दारात उभे. "तुमच्याकडे भैरवगढची चादर आहे?"

बायकोने लग्नातली काढून दिली. मामांनी ती गॅलरीत पसरली, चष्मा कपाळावर ढकलला, आणि मधल्या बुट्ट्याचा, काठाच्या वेलीचा, कोपऱ्याचा फोटो काढला. मग मला कळलं काय चाललंय ते. उज्जैनच्या मराठी घरांत रुखवतात, बारशात, निरोपसमारंभात पिढ्यान् पिढ्या भैरवगढच्या चादरीच दिल्या गेल्या आहेत. सलमा बींच्या वडिलांचे छापे भिंतीवरून गेले असले तरी गावातल्या गाद्यांवर असणारच.

त्यानंतरचे महिने माधव नगरात कुणाची दुपारची झोप सुरक्षित नव्हती. मामा दार वाजवायचे आणि थेट म्हणायचे, "चादर बघायची होती." ज्यांना माहीत होतं ते ट्रंका उघडून देत. ज्यांना नव्हतं ते घाबरून घरात जात आणि बायकोला पुढे पाठवत. एका निवृत्त प्राचार्यांकडे हवी तशी जुनी चादर मिळाली, पण तिच्यावर नागपूरचे व्याही झोपलेले होते. मामांनी त्यांना उठवलं नाही. चारही बाजूंनी फोटो काढले. पुढे सलमा बी तो फोटो मोठा करून बघत म्हणाल्या, "बेल तो अब्बा की है. ये साब कौन हैं?" एका डॉक्टरांच्या दवाखान्यात तपासायच्या टेबलावर जुनी चादर होती. मामा नंबर लावून बसले, आत जाऊन तब्येत उत्तम असल्याचं सांगितलं, आणि टेबलाचा फोटो काढून आले. समाजाच्या ग्रुपवर त्यांनी इतकी विनंती केली की इंदूर, देवास, ग्वाल्हेरहून लोक आपापल्या पलंगांचे फोटो पाठवू लागले. ग्रुपवर सकाळी सुप्रभाताऐवजी उशा दिसू लागल्या.

ठरावीक दिवशी मामा फोन घेऊन भैरवगढला जात. सलमा बी हात पुसून शेजारी बसत. बहुतेक फोटोंना त्या मान हलवून "ये दूसरों का है" म्हणत. मध्येच एखाद्यावर थांबत. एकदा कुणाच्या तरी गोधडीच्या अस्तरावर, विटून गेलेला, एक छोटा बुट्टा निघाला. त्या त्याच्याकडे बघतच राहिल्या. "ये तो मैं भूल ही गई थी," त्या म्हणाल्या. हा फोटो त्यांच्याकडेही नव्हता. पुरापूर्वीच तो छापा कुठेतरी हरवला होता. त्या दिवशी मामांना त्या घरात पहिल्यांदा चहाबरोबर शेव मिळाली. मामांनी मला ती बातमी अशी सांगितली, जणू कुणीतरी त्यांना पदक दिलं होतं.

कारागीर आता पुन्हा कोरतो आहे. सगळं मिळालेलं नाही, मिळणारही नाही. एक मोर राहिला आहे, मान मागे वळवलेला, चोचीत डहाळी असलेला. सलमा बींनी तो एकदा बोटाने हवेत काढून दाखवला. मामांनी तो त्यांच्यासमोरच कागदावर काढून पाहिला, तर बदक झालं. दोघेही हसले, पण मोर तिथेच राहिला. मामींच्या नाटकांबद्दल कॉम्प्युटरवाल्याने आशा सोडायला सांगितलं आहे. मामी कधीकधी पोळ्या लाटताना त्यातलं एखादं लांबलचक भाषण आपल्याशीच म्हणतात, आणि मामा तेव्हा वर्तमानपत्र खाली ठेवून ऐकतात. पूर्वी ऐकत नसत.

मध्यंतरी बँकेच्या कामासाठी मी ग्वाल्हेरला गेलो होतो. एका जुन्या मराठी घरात उतरलो. संध्याकाळी पलंगावर टेकलो आणि कुणी बघत नाही असं पाहून गादीची कड उचलली, खालची जुनी चादर ओढून उजेडाला धरली. लाल-काळी होती. मोर होते. मी चादर आणखी जवळ धरली. पण त्यांच्या माना सरळ होत्या, आणि चोची रिकाम्या. यजमानीणबाई पाणी घेऊन दारात उभ्या होत्या. "ढेकूण आहेत का हो?" त्यांनी विचारलं. "नाही नाही," मी म्हणालो, आणि गॅलरीत जाऊन मामांना फोन लावला.

"मोर आहेत मामा, पण ते नव्हेत."

"हरकत नाही," ते म्हणाले. "तू बघितलंस ना. बस."

इतक्या वर्षांत ते मला पहिल्यांदाच 'तू' म्हणाले. मी फोन ठेवला, आत गेलो, आणि यजमानीणबाईंना विचारलं की तुमच्या शेजारीपाजारी कुणाकडे आणखी जुन्या चादरी असतील का.